ललिता पवार: येवल्याची अंबू आणि अख्ख्या देशाची खाष्ट सासू

इंदिरानगर, नाशिकहून बोलतोय. ज्यांना कानात इअरफोन घालून ऐकण्यापेक्षा निवांत वाचायला आवडतं, त्यांच्यासाठी हा भागाचा लेखी मजकूर. बोललो तसंच बहुतेक ठेवलंय, फक्त 'म्हणजे' आणि 'अ‍ॅक्च्युअली' निम्म्याने कमी केलेत. मध्ये रिक्षाचे हॉर्न होते, ते वाचताना सुदैवाने ऐकू येणार नाहीत.

२०२० चा लॉकडाऊन आठवतोय? मार्चच्या शेवटी दूरदर्शनने रामानंद सागरांचं 'रामायण' पुन्हा लावलं आणि ज्यांचा जन्मच मुळी त्या मालिकेनंतर दहा-पंधरा वर्षांनी झाला, अशा आपल्यासारख्यांनी ते घरच्यांबरोबर बसून बघितलं. त्यात ती मंथरा होती. पाठीला कुबड, वाकलेली मान, आणि एक डोळा जरासा मिटलेला. ती पडद्यावर आली की घरातलं कुणीतरी मोठं माणूस हमखास म्हणायचं, "ही बघ ललिता पवार!" आणि आपण "हो का" म्हणून पुन्हा मोबाईलमध्ये.

आजचा भाग त्या ललिता पवारांवर. दोन कारणं. एक म्हणजे बाई आपल्या जिल्ह्यातल्या, येवल्याच्या. आणि दुसरं म्हणजे त्यांच्याबद्दल जी एक गोष्ट सगळीकडे सांगितली जाते, यूट्यूबवर, व्हॉट्सअ‍ॅपवर, सिनेमाच्या पुरवण्यांत, ती गोष्ट खोटी नाहीये, पण अर्धीच आहे. उरलेल्या अर्ध्यासाठी हा सगळा खटाटोप.

आधी थोडं मागे जाऊ. आमच्या इंदिरानगरातून पांडवलेणीकडे निघालं की पायथ्याशी फाळके स्मारक लागतं. शाळेची सहल तिथे नेतात, कारंजं बघतात, वडापाव खाऊन परत. दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे, जन्म १८७० चा. १९१३ साली त्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला, तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी बाई मिळाली नाही. सिनेमात काम करणं इतकं हलकं मानलं जायचं की कुणीच तयार होईना. शेवटी हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंके नावाच्या पुरुषाला तारामती केलं. पुढे 'लंकादहन'मध्ये, १९१७ साली, हेच साळुंके राम पण झाले आणि सीता पण. डबल रोलची सुरुवात आपल्याकडे अशी झाली!

फाळक्यांच्या त्याच वर्षीच्या पुढच्या चित्रपटात, 'मोहिनी भस्मासुर'मध्ये, दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई अशा दोघी आल्या आणि वाट थोडी मोकळी झाली. थोडीच बरं का. बाईने सिनेमात जाणं म्हणजे घराण्याची अब्रू वेशीला टांगणं, हे पुढची कितीतरी वर्षं तसंच राहिलं.

आणि आता येवला. नाशिकहून निफाड, विंचूर करत सुमारे ८० किलोमीटर. पैठणीचं गाव. १८ एप्रिल १९१६ रोजी तिथे एका मुलीचा जन्म झाला. नाव अंबा, हाक मारायचं नाव अंबू. वडील लक्ष्मणराव सगुण, रेशमी आणि सुती कापडाचे व्यापारी. म्हणजे घरात पैसा होता. हे लक्षात ठेवा, कारण 'गरिबीमुळे सिनेमात आली' ही नेहमीची कहाणी इथे लागू होत नाही. घर सनातनी वळणाचं, आणि तरी ही मुलगी अगदी लहान वयात पुण्याच्या स्टुडिओत पोचली.

पुण्यात तेव्हा आर्यन फिल्म कंपनी होती. तिथल्या मूकपटात, १९२८ साली, अंबूने पहिलं काम केलं. चित्रपट कुठला? 'राजा हरिश्चंद्र'! फाळक्यांचा नव्हे, त्याच कथेवरचा दुसरा. तेव्हा एकच पौराणिक कथा पाच-पाच कंपन्या काढायच्या, त्यामुळे हा योगायोग फार मोठा नाही. पण मला तो आवडतो. पंधरा वर्षांपूर्वी ज्या गोष्टीसाठी बाई मिळत नव्हती, तीच गोष्ट, आणि आता नाशिक जिल्ह्यातलीच एक पोर कॅमेऱ्यासमोर उभी.

इथून पुढची दहा-बारा वर्षं ललिता पवार ही हिरॉइन आहे. हे वाक्य मी मुद्दाम वेगळं काढून सांगतोय, कारण ऐकणाऱ्यांचा विश्वास बसत नाही. १९३१ चा 'दिलेर जिगर' नावाचा मूकपट आहे, ग. प. पवार म्हणजे गणपतराव पवारांनी दिग्दर्शित केलेला. त्यांच्याशीच पुढे अंबूचं लग्न झालं आणि अंबूची ललिता पवार झाली. तलवारबाजी, पाठलाग, राजवाड्यातली कारस्थानं असला मसाला. आपल्याकडचे मूकपट बहुतेक सगळे नष्ट झालेत. काही जळाले, काही कुजले, काही चांदीसाठी वितळवले. जे मोजके वाचले त्यात हा एक आहे. त्यातली ललिता बघा. तरतरीत, चपळ, दोन्ही डोळे टपोरे.

१९३२ साली 'कैलास' नावाच्या मूकपटाच्या त्या सहनिर्मात्या होत्या. वय सोळा! आपण सोळाव्या वर्षी काय करत होतो, हे मी विचारत नाही. १९३५ ला 'हिम्मत-ए-मर्दां' हा बोलपट आला, त्यात त्यांनी गाणीही म्हटली आणि ग्लॅमरस नायिका म्हणून नाव झालं. १९३८ ला 'दुनिया क्या है' काढला, निर्मिती त्यांची आणि मुख्य भूमिकाही त्यांची. कथा टॉलस्टॉयच्या 'रिझरेक्शन' कादंबरीवरची. मराठीत भालजी पेंढारकरांचा 'नेताजी पालकर', नवयुगचा 'अमृत', ज्याची कथा वि. स. खांडेकरांची, शिवाय 'संत दामाजी' आणि 'गोरा कुंभार'. म्हणजे स्टंटपट, संतपट, ऐतिहासिक, सामाजिक, सगळं करून झालेलं. आणि अजून तिशी लांब आहे.

मग १९४२.

चित्रपट 'जंग-ए-आझादी'. समोर मास्टर भगवान. सीनमध्ये त्यांनी ललिताबाईंना थोबाडीत मारायची होती. ती खरीच जोरात बसली. चेहऱ्याच्या एका बाजूला अर्धांगवायू झाला, डाव्या डोळ्याची शीर फुटली. सांगतात की तीन वर्षं उपचार चालले. चेहरा बराचसा सावरला, पण डावा डोळा पूर्वीसारखा झाला नाही. तो कायमचा थोडा मिटलेला राहिला.

आता सगळीकडे सांगितली जाणारी गोष्ट अशी: एका थपडेने सुंदर नायिकेचं करिअर संपलं, मग तिने त्याच बिघडलेल्या डोळ्याला शस्त्र बनवलं आणि ती हिंदी सिनेमातली सर्वांत मोठी खलनायिका झाली. गोष्ट छान आहे, दीड मिनिटाच्या रीलमध्ये बसते. पण यात दोन-तीन ठिकाणी शिवण उसवते.

पहिली बारीक गोष्ट. बऱ्याच ठिकाणी असं येतं की भगवान तेव्हा नवखे होते, म्हणून अंदाज चुकला. मास्टर भगवान, म्हणजे आपले 'अलबेला'वाले भगवानदादा पालव, मूकपटांच्या काळापासून काम करत होते आणि १९३८ मध्ये त्यांनी स्वतः चित्रपट दिग्दर्शित केला होता. १९४२ ला ते नवखे नव्हते. त्या काळच्या मारधाडीच्या सिनेमात सगळंच खरंखुरं चालायचं. डमी नाही, फाइट मास्टरची आजच्यासारखी व्यवस्था नाही, सेटवर डॉक्टर नाही, विमा तर सोडाच. 'नवखा होता' म्हटलं की दोष एका माणसावर ढकलून आपण मोकळे होतो. दोष त्या कामाच्या पद्धतीत होता.

अमेरिकेत साधारण तेव्हाच, १९३८ च्या डिसेंबरमध्ये, 'द विझर्ड ऑफ ऑझ'च्या सेटवर दुष्ट चेटकिणीचं काम करणारी मार्गारेट हॅमिल्टन आगीच्या ट्रिकमध्ये चेहऱ्याला आणि हाताला भाजली होती. काही आठवड्यांनी ती कामावर परत आली, ती आगीचे सीन करणार नाही असं सांगूनच. तीही जन्मभर चेटकीण म्हणून ओळखली गेली. प्रत्यक्षात बाई आधी बालवाडीची शिक्षिका होती.

दुसरी गोष्ट तारखांची. थप्पड १९४२ ची, उपचार तीन वर्षं. पण प्रभातचा 'रामशास्त्री' आला १९४४ ला आणि त्यात आनंदीबाई आहेत ललिता पवार! 'ध'चा 'मा' करणारी आनंदीबाई. शाळेत सगळ्यांनी ऐकलेली दंतकथा: 'धरावे'चं 'मारावे' केलं आणि नारायणराव पेशव्याचा खून झाला. म्हणजे तीन वर्षं अंधार आणि मग अचानक पुनरागमन, असं काही घडलेलं नाही. चेहऱ्यावर उपचार चालू असतील-नसतील, बाई अठ्ठाविसाव्या वर्षी प्रभातसारख्या कंपनीच्या मोठ्या चित्रपटात अशी भूमिका करत होत्या जिला अभिनय लागतो, नुसता चेहरा चालत नाही. मराठी मनात आनंदीबाई ही कारस्थानी बाईची पहिली प्रतिमा. पुढची चाळीस वर्षं ललिताबाईंनी जे केलं, त्याचं बीज मला तिथे दिसतं, हिंदीत नव्हे.

तिसरी गोष्ट सगळ्यात महत्त्वाची, आणि तिच्यासाठी आपल्याला दुसऱ्या एका बाईंकडे बघावं लागेल. लीला चिटणीस. १९३९ ते ४१ च्या दरम्यान 'कंगन', 'बंधन', 'झूला' अशा बॉम्बे टॉकीजच्या लागोपाठच्या हिट चित्रपटांत त्या अशोक कुमारच्या नायिका होत्या. सुशिक्षित, देखण्या, देशभर प्रसिद्ध. त्यांना कुणी थप्पड मारली नाही. डोळे शाबूत, चेहरा शाबूत. तरी १९४८ च्या 'शहीद'मध्ये त्या दिलीप कुमारची आई आहेत आणि १९५१ च्या 'आवारा'मध्ये राज कपूरची आई. आणि त्यांचा हिरो? अशोक कुमार १९५८ च्या 'हावडा ब्रिज'मध्ये अजूनही हिरोच आहे, वय शेहेचाळीस-सत्तेचाळीस, समोर पंचवीस वर्षांची मधुबाला.

लक्षात आलं ना मी काय म्हणतोय? ललिता पवारांना त्या दिवशी थप्पड बसली नसती, तरी १९५० पर्यंत त्या आईच झाल्या असत्या. थपडेने पाच-सहा वर्षं आधी केलं, एवढंच. आणि कोणती आई, हे बदललं. लीलाबाईंच्या वाट्याला रडणारी, शिवणयंत्रावर खोकणारी आई आली. ललिताबाईंच्या वाट्याला डोळे वटारणारी.

जरा वयांचा हिशोब लावू. 'दाग' १९५२ चा, त्यात त्या दिलीप कुमारच्या आई. दिलीप कुमार त्यांच्याहून साडेसहा वर्षांनी लहान! 'हम दोनो' १९६१ चा, तिथे त्या देव आनंदच्या एका रूपाची आई. देव आनंद सात वर्षांनी लहान. 'जंगली'तला शम्मी कपूर पंधरा वर्षांनी. आणि 'हम दोनो'मध्ये देव आनंदच्या दुसऱ्या रूपाची आई कोण? लीला चिटणीस. तीस सालातल्या दोन हिरॉइनी, एकाच हिरोच्या दोन आया. कुणी ठरवून केलेलं नाही, आणि ते मला जास्त लागतं. कुणाला काही विचित्रच वाटलं नाही.

बरं, आता कामाबद्दल. चरित्र अभिनेता किंवा अभिनेत्री म्हणजे नेमकं काय करणारं माणूस? नायक-नायिकेला अडीच-तीन तास मिळतात. प्रेक्षकाला हळूहळू ओळख होत जाते. चरित्र भूमिका करणाऱ्याला मिळतात पंधरा-वीस मिनिटं, तीही तुकड्यातुकड्यात. त्यामुळे दारातून आत आल्याबरोबर प्रेक्षकाला कळलं पाहिजे की ही कोण, हिच्यापासून काय धोका आहे. मग कलाकार ठरावीक खुणा वापरतात. चाल, आवाज, पदर खोचायची तऱ्हा. ललिताबाईंकडे एक खूण आयती होती, डोळा. दिग्दर्शकांनी ती वापरली, वापरून वापरून गुळगुळीत केली. पण त्यांचे चांगले चित्रपट बघा, डोळ्यापेक्षा आवाज जास्त काम करतो. हुकूम देताना त्या ओरडत नाहीत. शब्द चावून, शेवटच्या अक्षरावर दाब देऊन बोलतात. ओरडणारी सासू विनोदी वाटते. ही हळू बोलते म्हणून भीती वाटते.

व्ही. शांतारामांचा 'दहेज', १९५० चा. हुंड्यावरचा चित्रपट. हुंडा प्रतिबंधक कायदा यायला अजून अकरा वर्षं होती. त्यात ललिताबाई सासू. त्यांची छळवादी सासू घराघरांत पोचली ती अशाच चित्रपटांमुळे. इतकी, की 'ललिता पवार' हे विशेषण झालं. "आमच्या शेजारची ना, अगदी ललिता पवार आहे!" अजूनही लोक म्हणतात, ज्यांनी त्यांचा एक चित्रपट पाहिलेला नाही तेही. मला यातलं एक खटकतं. हुंडा मागणारं अख्खं घर असतं. सासरा असतो, दीर असतात, स्वतः नवरदेव असतो. पण पडद्यावर सगळं पाप एकट्या सासूच्या पदरात पडलं, आणि बापे कोपऱ्यात पेपर वाचत बसले. यात ललिताबाईंचा दोष नाही, लिहिणाऱ्यांचा आहे. पण चेहरा त्यांचा वापरला गेला.

'मिस्टर अँड मिसेस ५५' बघितलाय? गुरुदत्त, मधुबाला, १९५५. गाण्यांसाठी सगळ्यांना माहीत. त्यात ललिता पवार मधुबालाची आत्या, सीतादेवी. बायकांच्या हक्कांसाठी झगडणारी, घटस्फोटाच्या कायद्याच्या बाजूने बोलणारी. लक्षात घ्या, हिंदू विवाह कायदा १९५५ मध्येच आला, त्याच्यावरून देशभर वाद चालले होते. आणि चित्रपटाचा कल कुठे? सीतादेवी म्हणजे पुरुषद्वेष्टी, श्रीमंत, रिकामटेकडी बाई. शेवटी पोरीने नवऱ्याकडे परत जायचं. आज तो बघताना गंमत अशी होते की चित्रपट तिला हसत असतो आणि आपण मात्र मनातल्या मनात म्हणतो, अहो पण ही बरोबर बोलतेय! ललिताबाईंनी तिला विदूषक केलं नाही म्हणून हे होतं. ती बाई स्वतःच्या मतांवर ठाम आहे, आणि त्यांनी ते मत खरंखुरं मानून बोलून दाखवलंय. मला विचाराल तर गुरुदत्तच्या त्या चित्रपटातली सर्वांत ताजी राहिलेली गोष्ट तीच.

त्याच वर्षी 'श्री ४२०'. केळी विकणारी गंगामाई. राज कपूर मुंबईत नवा आलेला, ती त्याच्याशी केळ्यांच्या भावावरून घासाघीस करते आणि मग त्याला लेकरासारखा धरते. तोंडाने फटकळ, आत लोणी. खाष्ट सासू म्हणून ठसा पक्का झालेल्या बाईला राज कपूरने फुटपाथवर बसवलं. प्रेक्षक तिला बघून आधी सावध होतात आणि मग विरघळतात. ठशाचा असाही उपयोग होतो.

आणि मग येतं १९५९ साल. इथे थोडं थांबायला पाहिजे. या एका वर्षात त्यांचे दोन चित्रपट आले, आणि ते दोन्ही एकाच आठवड्यात बघावेत असे आहेत.

एक 'सुजाता', बिमल रॉय यांचा. अस्पृश्य समाजातली अनाथ मुलगी एका ब्राह्मण घरात वाढते. घरचे माया करतात पण 'आमची मुलगी' म्हणत नाहीत, 'मुलीसारखी' म्हणतात. त्या 'सारखी'त सगळा चित्रपट आहे. ललिता पवार त्यात बुआजी. जातीचं सोवळं जपणारी म्हातारी, जी पोरीला घरात बघून कपाळाला आठ्या घालते. आता येवला आठवा. १३ ऑक्टोबर १९३५ रोजी बाबासाहेब आंबेडकरांनी धर्मांतराची घोषणा कुठे केली? येवल्यात. ललिता पवारांच्या जन्मगावी. तेव्हा बाई 'हिम्मत-ए-मर्दां'च्या नायिका होत्या, गाव सोडून बरीच वर्षं झालेली. पण अशी बुआजी कशी बोलते, कुठे स्पर्श टाळते, पाणी कसं बाजूला सरकवते, हे त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती. त्या काळात तशाच सनातनी घरात वाढलेल्या कुणालाच नव्हती.

आणि एक बारीकशी गंमत सांगतो. 'सुजाता'च्या त्या बंगाली पार्श्वभूमीच्या घरात नायिका नूतन, म्हणजे समर्थांची. आई सुलोचनाबाई लाटकर. बहीण शशिकला, सोलापूरच्या जवळकर. आणि बुआजी ललिता पवार. बिमलदांच्या त्या घरातल्या चारही बायका मराठी! सेटवर चहाच्या वेळी काय भाषा चालत असेल, मला फार कुतूहल आहे.

दुसरा 'अनाडी', हृषिकेश मुखर्जींचा. मिसेस डिसा, राज कपूरची ख्रिश्चन घरमालकीण. भाड्यासाठी खेकसते, आणि पोटच्या पोरासारखं प्रेम करते. पुढे भेसळीच्या औषधाने तिचा जीव जातो आणि ते औषध बनवणारा श्रीमंत मालक तोच असतो, ज्याच्याकडे राज नोकरी करतोय. म्हणजे चित्रपटाचं हृदय तिच्या मरणात आहे. ती आवडली नाही तर पुढचं काही लागूच होत नाही. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअरचं सर्वोत्तम सहाय्यक अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. एकाच वर्षी एकीकडे सोवळ्यातली बुआजी, दुसरीकडे फ्रॉकमधली डिसा. डोळा तोच आहे. एका ठिकाणी त्याची धास्ती वाटते, दुसऱ्या ठिकाणी तो मिश्कील वाटतो.

हृषिदांना बाई नेमक्या कळल्या होत्या. १९६१ साली त्यांनी 'मेम दीदी' काढला आणि त्यात मुख्य भूमिका दिली ललिता पवारांना. पोस्टरवरचं नाव म्हणजे त्याच! पंचेचाळीस वर्षांच्या बाईच्या खांद्यावर अख्खा हिंदी चित्रपट, तोही त्या काळात. त्याच वर्षी संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. इटलीत असंच एक उदाहरण आहे, तीना पीका. नेपल्सची बाई, १८८४ चा जन्म. जाड आवाज, सदा कावलेला चेहरा, हयातभर मोलकरणी आणि म्हाताऱ्या केल्या. १९५३ च्या 'ब्रेड, लव्ह अँड ड्रीम्स'मध्ये व्हित्तोरिओ डे सिकाच्या घरच्या मोलकरणीचं काम इतकं गाजलं की पुढे १९५७ मध्ये दिनो रिझीने तिला घेऊन 'ला नोन्ना साबेल्ला', म्हणजे साबेल्ला आजी, काढला. तेव्हा ती त्र्याहत्तर वर्षांची! पण असे चित्रपट कुठेही मोजकेच निघतात. 'मेम दीदी' झाला आणि ललिताबाई परत सासू झाल्या.

आणि १९७१ च्या 'आनंद'मध्ये? ती मेट्रन आठवतेय ना, दवाखान्यात सगळ्यांवर डाफरणारी, जिला राजेश खन्ना गोड बोलून गुंडाळतो? नाव काय तिचं? मिसेस डिसा. दिग्दर्शक तेच, आडनाव तेच. 'अनाडी'त जी मेली, तिला हृषिदांनी बारा वर्षांनी नर्सच्या कपड्यात परत आणली असं मी तरी मानतो. माझा आपला अंदाज.

'जंगली'बद्दल फार बोलत नाही. हसायला बंदी असलेलं घर, कडक आई, शम्मीचं 'याहू'. बघितलाच असेल. पण १९६२ चा 'प्रोफेसर' जरूर बघा. तिथेही नाव सीतादेवीच. शम्मी कपूर म्हाताऱ्या प्रोफेसरचं सोंग घेऊन तिच्या घरी शिकवणीला येतो, आणि ही करारी, एकटी बाई त्या खोट्या म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते. चित्रपट विनोदी आहे, आपण हसावं अशीच अपेक्षा आहे. पण ललिताबाई हळूहळू जशा बदलत जातात, आवाज खाली येतो, हुकमाच्या जागी विचारणं येतं, तेव्हा हसू जरा घशात अडकतं. ज्या बाईला विसाव्या वर्षी पडद्यावर प्रेम करायला मिळत होतं आणि तिशीच्या आत ते बंद झालं, तिला सेहेचाळिसाव्या वर्षी पुन्हा प्रेमात पडायला मिळालं ते असं, चेष्टेचा विषय म्हणून. आणि तिने चेष्टा होऊ दिली नाही.

सत्तरच्या दशकानंतर कामं खूप, जीव कमी. 'बॉम्बे टू गोवा'सारखी मजेशीर भूमिका अधूनमधून. एकूण चित्रपटांचा आकडा सातशेच्या वर सांगतात. मग १९८७ च्या जानेवारीत 'रामायण' सुरू झालं आणि सत्तरीत असलेल्या ललिता पवार मंथरा म्हणून रविवारी सकाळी घराघरांत आल्या. रस्ते ओस पडायचे म्हणतात त्या मालिकेला. मूकपटात सुरुवात केलेली बाई टीव्हीवर! मूकपट, बोलपट, रंगीत, सिनेमास्कोप, दूरदर्शन, सगळं एका आयुष्यात.

अजून एक राहिलं. मिमिक्री करणारे ललिता पवार करून दाखवतात तेव्हा काय करतात? एक डोळा मिटतात. बस्स, टाळ्या. कॉलेजच्या गॅदरिंगला पाहिलंय, रील्समध्ये पाहिलंय. ती अभिनयाची नक्कल नाहीये. ती एका अपघाताची, कामाच्या जागी झालेल्या इजेची नक्कल आहे. कारखान्यात बोट गेलेल्या माणसाची नक्कल स्टेजवर कुणी करत नाही. त्यांची नक्कल करायचीच असेल तर तो आवाज करून दाखवा. जमतो का बघा.

२४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात औंधमधल्या घरी त्या गेल्या. वय एक्क्याऐंशी. त्या वेळी घरात त्या एकट्याच होत्या. बाकीच्यांना नंतर कळलं.

कुठून सुरुवात करायची असं विचाराल तर 'अनाडी' आणि 'सुजाता' एकापाठोपाठ, मग 'प्रोफेसर'. 'रामशास्त्री' मराठी आणि हिंदी दोन्ही भाषांत निघाला होता, मराठी मिळाला तर तोच घ्या. आणि घरी आजी असेल तर तिला शेजारी बसवा. या बाईंबद्दल तिला माझ्यापेक्षा जास्त माहीत असण्याची शक्यता आहे.

पुढचा भाग भगवानदादांवर. अमरावतीत जन्मलेला, दादरच्या चाळीत वाढलेला, आणि अख्ख्या देशाला नाचायला शिकवलेला माणूस. भेटू, रविवारी.